सांताक्रूझ की सहार?

मुंबईच्या ‘ग्लोबल ई-स्पोर्ट्स’ने नाव ठेवतानाच प्रामाणिकपणा दाखवला होता. २०२३ मध्ये व्हॅलोरंट या व्हिडिओ गेमच्या पॅसिफिक लीगमध्ये भारतातून हा एकमेव संघ गेला. खेळाडूंपैकी स्करॉसी आणि लाइटनिंगफास्ट हे दोन भारतीय. बाकी बाझी आणि टेक्स्चर कोरियाचे, मोन्येट इंडोनेशियाचा, आयरिन फिलिपिन्सचा. देशी उड्डाणांच्या सांताक्रूझ टर्मिनलवर ज्यांची वाट पाहायची, ते आंतरराष्ट्रीय उड्डाणांच्या सहारला उतरले!

कुणी म्हणेल, आयपीएलमध्येही परदेशी असतातच. असतात, पण अकरांत चारच, म्हणून उरलेल्या सात जागांसाठी इथली पोरं घडवावीच लागतात. दुसरा आक्षेप असा, की जिंकायचं तर तयार खेळाडूच हवेत. तोही मान्य. पण पारख असून भागत नाही, माणूस टिकवावाही लागतो. इथून गेलेला टेक्स्चर २०२४ मध्ये जेन.जी संघाकडून शांघायची मास्टर्स स्पर्धा जिंकला आणि मोन्येट पेपर रेक्स संघाला जाऊन मिळाला. म्हणजे घडवणं परक्यांचं, जिंकणंही परक्यांचं. आपल्या वाट्याला फक्त ‘इंडिया, इंडिया’च्या घोषणा. परदेशी खेळाडू जरूर आणा, पण आधी इथल्यांना दोन-तीन हंगाम हरण्याची मुभा द्या.