इटलीतली कचेरी: फुलचूरकरांसाठी सूचना

अर्जदाराने सर्वप्रथम हे लक्षात घ्यावे की जग ज्याला उफीझी म्हणते ती मुळात कचेरी आहे. उफीझी या शब्दाचा अर्थच कचेऱ्या. फ्लॉरेन्सचा ड्यूक कोसिमो मेदिची याच्या राज्यातली खाती गावभर विखुरलेली होती. ती एका छपराखाली आणावीत म्हणून 1560 मध्ये जॉर्जो वसारीने ही इमारत बांधायला घेतली. खाली बाबू बसले, वरच्या मजल्यावर पुढे साहेबांच्या घराण्याने आपली चित्रे आणि पुतळे मांडले. कालांतराने बाबू गेले, चित्रे राहिली. त्यामुळे सातबारा, जातीचा दाखला आणि रेशनकार्डावरचे नाव दुरुस्त करण्यात ज्याची निम्मी उमर गेली, त्या फुलचूरच्या माणसाइतका लायक प्रेक्षक या इमारतीला दुसरा मिळणार नाही. रांग पाहून परदेशी माणसाला घाम फुटतो. आपल्याला घरच्यासारखे वाटते.

गोंदियाहून विदर्भ एक्सप्रेसने मुंबई गाठावी, पुढे विमान. कागदपत्रांच्या तीन-तीन झेरॉक्स काढाव्यात. चौथी पोटाशी बांधावी. संग्रहालयाच्या तिकिटावर नाव असते आणि ते पासपोर्टवरच्या नावाशी जुळावे लागते. येथे आमच्या साडभाऊंची अडचण झाली. गावात ते दादाजी, पासपोर्टवर वेगळे, आणि तिकीट पुण्यातल्या मुलाने काढलेले असल्याने त्यावर तिसरेच काहीतरी. दारावरच्या बाईंनी तिन्ही पाहिले आणि हात हलवून आत सोडले. साडभाऊंचा या कचेरीवरचा विश्वास तिथेच उडाला. "साधं शपथपत्रही मागत नाही जी! असं कुठं चालते?" सोमवारी संग्रहालय बंद असते. हे आधी पाहून घ्यावे, नाहीतर युरोपात येऊन बाहेरून इमारत पाहण्याचा योग येतो. तोही आपल्याला नवा नाही म्हणा.

आता गाईडविषयी. लहान गटाची सहल म्हणजे आठ-दहा माणसे आणि एक गाईड. आमच्या गटात आम्ही चौघे होतो, म्हणजे मी, सौ., साडभाऊ आणि त्यांच्या सौ. वर पाच परके. गाईडचे काम कळायला कठीण नाही. कचेरीबाहेर झाडाखाली टेबल टाकून अर्जनवीस बसतो ना, तोच हा. कोणत्या खिडकीवर जायचे, कोणता साहेब आज जागेवर नाही, कोणता कागद आधी पुढे करायचा, हे त्याला पाठ असते. फरक इतकाच की आपला अर्जनवीस पान खातो आणि ही बाई हातातली मिटलेली लाल छत्री उंच धरून चालते. वारीतली पताका मानून तिच्या मागे जावे. छत्री दिसेनाशी झाली तर घाबरू नये. जिथे सगळ्यात जास्त गर्दी असेल तिथे ती असते.

कानात घालायला एक यंत्र देतात. गाईड हळू बोलते आणि आपल्याला ते थेट कानात ऐकू येते. यंत्रावर एक छोटे बटण असते. त्याला हात लावू नये. ही सूचना मी ठळक अक्षरांत छापायला सांगितली असती, कारण साडभाऊंनी हात लावला. पुढची वीस मिनिटे ते शेजारच्या गटाची स्पॅनिश गाईड ऐकत होते आणि प्रत्येक चित्रापुढे मान डोलावत होते. नंतर विचारले तर म्हणाले, "मला वाटलं, इटालियन असंच असते."

जिने चढून सगळ्यात वर गेले की दालने सुरू होतात. झाडीपट्टीचे नाटक रात्रभर पाहणाऱ्याला दोन तासांच्या सहलीचे काय, असे वाटेल, पण नाटकाला बसायला मिळते. येथे उभे राहावे लागते. पहिल्या दालनांत सोनेरी पार्श्वभूमीवर मातामेरी आणि बाळ, पुढच्या दालनात मातामेरी आणि बाळ, त्यापुढच्यातही. तिसऱ्या दालनाच्या आत कंटाळा चेहऱ्यावर दाखवू नये. आपल्याकडे विठ्ठलाच्या मूर्ती किती आहेत हे आठवावे. जोत्तोच्या मेरीपाशी मात्र एकदा थांबावे. ती आजूबाजूच्या मेरींपेक्षा जड आहे, बसली आहे तिथे खरोखर बसली आहे. सौ. म्हणाल्या, "हिचे गुडघे दुखत असतील." पुनरुज्जीवन की काय म्हणतात ते तिथूनच सुरू झाले, असे गाईडचेही म्हणणे पडले. तिने गुडघ्यांचा उल्लेख केला नाही, एवढेच.

उर्बिनोच्या ड्यूकचे चित्र पिएरो देल्ला फ्रांचेस्काचे आहे. ड्यूक एका बाजूने काढला आहे, डावा गाल पुढे. एका स्पर्धेच्या लढतीत त्याचा उजवा डोळा गेला होता, म्हणून ती बाजू चित्रात नाही. व्हिसाच्या फोटोसाठी दोन्ही कान दिसायला हवेत म्हणून मला गोंदियात तीनदा स्टुडिओत जावे लागले, आणि हा माणूस अर्ध्या चेहऱ्यावर साडेपाचशे वर्षे टिकून आहे. चित्राच्या मागच्या बाजूलाही चित्र आहे, त्यात रथ आहेत. बहुतेक लोक समोरून पाहून निघून जातात. आपण कागद उलटून पाहणारी माणसे. मागे जाऊन पाहावे.

बोत्तिचेल्लीच्या दालनात कुटुंबाने कसे उभे राहावे, हा या मार्गदर्शनाचा गाभा आहे. समोर व्हीनस शिंपल्यावर उभी असते, अंगावर केसांशिवाय काही नाही. चित्र पावणेतीन मीटर रुंद आहे, त्यामुळे दिसले नाही असे म्हणण्याची सोय नाही. सासरे-जावई यांनी एकत्र उभे राहू नये. भासऱ्यांनी खिडकीकडे जावे. पुरुषांनी कॅनव्हासविषयी बोलावे. त्या काळात मोठी चित्रे बहुधा लाकडी फळ्यांवर काढत, हे कापडावर आहे, ही माहिती सभ्य अंतर राखायला उपयोगी पडते. मी ती दोनदा सांगितली. पण साडभाऊंच्या सौ. कितीतरी वेळ चित्राच्या उजव्या टोकाकडे पाहत होत्या. तिथे एक बाई फुलाफुलांचे वस्त्र पसरून लगबगीने व्हीनसकडे येते आहे. त्या म्हणाल्या, "ती बाई लुगडं घेऊन धावून तर राहिली जी. पोचू तर द्या तिला!" त्यानंतर आम्ही चौघेही एका ठिकाणी उभे राहून ते चित्र पाहू शकलो.

शेजारचे 'प्रिमावेरा', म्हणजे वसंत, उजवीकडून डावीकडे वाचायचे असते. गाईड वाऱ्याचा देव, अप्सरा, फ्लोरा अशी नावे सांगत होती. साडभाऊंच्या कानात आता योग्य भाषा होती, पण त्यांचे लक्ष फ्लोराच्या हाताकडे होते. तिने ओच्यात गुलाब भरले आहेत आणि चालता चालता मुठीने ती ते जमिनीवर टाकते आहे. "आवत्या टाकून राहिली ना जी," साडभाऊ म्हणाले. धानाची फेकीव पेरणी आम्ही तशीच करतो. एक हात ओटीत, दुसरा अर्धा उघडा, पाऊल पुढे. साडभाऊंची भातगिरणी आहे, पण त्याआधी त्यांनी वडिलांच्या बांधीत पुष्कळ वर्षे धान टाकले आहे. त्यांनी हवेत मूठ फिरवून दाखवली. गटातल्या दोन परक्यांना वाटले की ते गाईडला काहीतरी विचारत आहेत. गाईडलाही तसेच वाटले. चित्राच्या अगदी डाव्या टोकाला मर्क्युरी सगळ्यांकडे पाठ करून काठीने ढग ढोसत उभा आहे. प्रत्येक गटात असा एक असतो. आमच्या गटात मीच होतो.

बाकी भराभर. फ्लॅश मारू नये, सेल्फीची काठी चालत नाही. चित्राला पाठ लावून तर मुळीच उभे राहू नये. 2025 च्या जूनमध्ये येथे एक पर्यटक चित्रातल्या राजपुत्रासारखी पोझ द्यायला गेला आणि कापड फाडून बसला. लिओनार्दोचा देवदूत वेरोक्कियोच्या चित्रात डाव्या कडेला आहे, तो शोधावा. डेव्हिडचा पुतळा कुठे आहे, असे विचारू नये. तो दुसऱ्या संग्रहालयात, अकादेमियात आहे आणि हे उत्तर गाईडने आधी हजारदा दिले असावे. "याची किंमत किती होईल?" हेही विचारू नये. साडभाऊंनी विचारले. गाईडने सांगितले की ही चित्रे विकताच येत नाहीत. मेदिची घराण्याची शेवटची वारस आन्ना मारिया लुइसा हिने 1737 मध्ये करार करून घेतला होता. घराण्याचा सगळा संग्रह फ्लॉरेन्समध्येच राहावा, तो लोकांच्या उपयोगी पडावा आणि परक्यांना पाहायला खेचून आणावा, अशी त्यात तरतूद होती. 1769 पासून दारे सगळ्यांना उघडी झाली. साडभाऊ बराच वेळ गप्प होते. मग म्हणाले, "एवढा पक्का कागद मी आयुष्यात पाहिला नाही." भावकीच्या वाटणीची केस त्यांच्या डोक्यात असणार.

सहल संपली की यंत्र परत करावे, पावती मागू नये.

दुसऱ्या दिवशी वेळ राखून कास्चीने नावाच्या बागेत जावे. ती लांबलचक आहे आणि आपल्याला अगदी शेवटच्या टोकाला जायचे आहे, जिथे मुन्योने ओढा आर्नो नदीला मिळतो. तिथे छत्रीखाली कोल्हापूरच्या दुसऱ्या राजाराम महाराजांचा अर्धपुतळा आहे. इंग्लंडहून परतताना 30 नोव्हेंबर 1870 रोजी त्यांचे फ्लॉरेन्समध्ये निधन झाले, तेव्हा ते विशीतच होते. आपल्या रीतीप्रमाणे दहन करायचे होते, पण तिथे त्याला मनाई होती. कचेरीतून खास परवानगी आणावी लागली, आणि रात्रीच्या अंधारात या संगमावर त्यांना अग्नी दिला गेला. स्मारक 1874 चे, चार्ल्स मांटने आखलेले. कोल्हापूरचा नवा राजवाडा आखणारा तोच. जवळच्या पुलाला लोक अजून हिंदी माणसाचा पूल म्हणतात.

येथे गाईड नसते. छत्री आहे ती पुतळ्यावरची. सौ. यांनी नमस्कार केला. साडभाऊंनी सवयीने कानाकडे हात नेला, पण यंत्र कालच जमा झाले होते.

"इथं तिकीट नाही का जी?" त्यांनी विचारले.

मी नाही म्हटले. तरी पासपोर्ट त्यांनी हातात काढून ठेवलाच होता.