हालून राह्यलं का?

वऱ्हाडात गर्भार बाईला 'कशी आहेस?' असं कोणी विचारत नाही. पाचवा महिना उलटला की थेट पोटाकडे पाहून विचारतात, "कावं, हालून राह्यलं का?" भाजीवाली विचारते, वरच्या मजल्यावरच्या काकू विचारतात, अमरावतीच्या राजकमल चौकात सिग्नलला थांबलं तर शेजारच्या स्कूटीवरची अनोळखी मावशीही विचारते. माझं माहेर अमरावतीचं, सासर अकोल्याचं. त्यामुळे माझ्या लेकराची हजेरी जन्माआधीच दोन जिल्ह्यांत लागायची, आणि 'हजर' म्हणायचं काम माझ्याकडे.

पहिलटकरणीला बाळाचं हालणं साधारण 18 ते 20 आठवड्यांच्या सुमारास कळायला लागतं. मला पोटात पहिल्यांदा काही वळवळलं ते नेमकं गिला वडा खाल्ल्यावर, त्यामुळे संशयाचा फायदा वड्याला मिळाला. "गॅस असंन," आई म्हणाली. "आमच्या घरचं लेकरू हाय, लवकर हालन," सासूबाई म्हणाल्या. डॉक्टरीणबाईंनी सांगितलं की माझी वार पुढच्या बाजूला आहे, अशा वेळी हालचाल जरा उशिरा नि अंधुक जाणवते. एवढं ऐकून आईनं अंबादेवीला ओटी बोलली आणि सासूबाईंनी राजराजेश्वराला नारळ. देवांच्या बाबतीतही दोन्ही घरांनी आपापला जिल्हा सोडला नाही.

खरं तर आम्ही नवराबायको दोघंही व्हाइसरॉयच्या बायकांच्या कृपेनं जगात आलो. मी अमरावतीच्या डफरीनमध्ये जन्मले, नवरा अकोल्याच्या लेडी हार्डिंगमध्ये. दोन्हींचं सरकारी नाव जिल्हा स्त्री रुग्णालय, पण रिक्षावाल्याला ते सांगितलं तर तो आधी तुमच्याकडे पाहतो, मग म्हणतो, "डफरीनले जायचं म्हना नं." आई सांगते, तिच्या वेळी तिथल्या सिस्टर पोटावर एक छोटा भोंगा टेकवून त्याला कान लावायच्या. तो भोंगा पिनार्ड नावाच्या फ्रेंच डॉक्टरनं 1895 साली काढलेला. त्याला ना वायर ना बॅटरी, आणि ऐकू फक्त सिस्टरला येणार. आईनं विचारलं तर सिस्टर म्हणायची, "हाय, चांगलं हाय," की विषय संपला.

माझ्या नवऱ्याला हे 'चांगलं हाय' पुरेना. त्यानं ऑनलाइन ठोके ऐकायचं यंत्र मागवलं आणि रोज रात्री माझ्या पोटावर जेल फासून आकाशवाणी सुरू केली. एके दिवशी ठोके लागले. आनंदानं त्यानं रेकॉर्ड करून दोन्हीकडच्या ग्रुपवर टाकले. अंगठे, फुलं, हात जोडलेले, सगळं आलं. पुढच्या तपासणीला त्यानं मोठ्या ऐटीत ते डॉक्टरीणबाईंना ऐकवलं. त्यांनी घड्याळ लावलं नि विचारलं, "हे ऐंशीच्या आसपास आहेत. बाळाचे एकशेदहा ते एकशेसाठ असतात. हे कुणाचे?" माझे होते. नातेवाइकांनी फुलं वाहिली ती माझ्या धमनीला. बाईंनी ते यंत्र घरी वापरायला बंदीच केली. भलताच ठोका ऐकून माणसं निर्धास्त होतात आणि दवाखान्यात यायला उशीर करतात, हे त्यांचं म्हणणं. मला पटलं, नवऱ्याला ते परत करता येईल का, एवढीच काळजी.

त्याऐवजी बाईंनी मोजायला सांगितलं. 28 आठवड्यांनंतर सकाळ, दुपार, संध्याकाळ खाऊन डाव्या कुशीवर एकेक तास पडायचं आणि हालचाली मोजायच्या. तिन्हींची बेरीज करून चारानं गुणायचं, म्हणजे बारा तासांचा अंदाज येतो. तो दहाच्या खाली जायला नको. ही दहाची रीत वेल्समधल्या कार्डिफची, 1976 सालची. तिथल्या बायका सकाळी नऊला मोजायला लागायच्या.

हे ऐकलं आणि माझे सासरे, आमचे बाबा, खुर्चीत ताठ झाले. जिल्हा परिषदेच्या लेखा विभागातून निवृत्त झाल्यापासून त्यांच्या हाताला गुणाकार नव्हता. त्यांनी लांब वही आणली, रकाने आखले: सकाळ, दुपार, संध्याकाळ, एकूण, गुणिले चार, शेरा. सकाळी पेपरात कापसाचा भाव पाहून झाला की दाराबाहेरून खाकरत, "बाई, सकाळचा आकडा?" मी आतून आकडा ओरडायचे. शेऱ्यात 'सायं. समाधानकारक' असं पडायचं. मग एका संध्याकाळी पोटात ठेक्यात टिकटिक सुरू झाली. ती बाळाची उचकी. उचकी हालचालीत धरायची का, यावर बाबांनी लेखी आक्षेप काढून तपासणीला सोबत दिला. बाई म्हणाल्या, नाही धरायची. त्या रात्री आधीच्या सगळ्या पानांवर लाल शाई फिरली.

बाईंचं खरं म्हणणं मात्र वहीत बसणारं नव्हतं. आकड्यापेक्षा तुझ्या बाळाची सवय ओळख, त्या म्हणाल्या. ते केव्हा उठतं, केव्हा निजतं. पोटातलं बाळ एका वेळी 20 ते 40 मिनिटं झोपतं, दीड तासावर क्वचितच. आणि दिवस भरत आले की जागा कमी पडते, म्हणून बाळ हालायचं थांबतं, हे साफ खोटं. हालणं कमी वाटलं तर रात्र असो की दिवस, निघून यायचं. आमच्याकडे ते जागेचं खोटं प्रत्येक डोहाळजेवणात तीन-चार जणी तरी शपथेवर सांगतात. माझ्याही वेळी सांगितलं गेलं, झाकलेल्या वाट्यांतून पेढा की बर्फी ओळखायच्या खेळाच्या अगदी आधी. सोनोग्राफीच्या खोलीत लिंगनिदानाविरुद्धच्या 1994 च्या कायद्याची पाटी असते. वाटीवर कुणी लावत नाही. मला बर्फी निघाली, आणि बायकांनी आपसात निकाल लावूनही टाकला.

डोहाळजेवणाला अमरावतीला गेलो तो रस्ता हा वेगळाच विषय. 2022 च्या जूनमध्ये लोणी ते माना या टप्प्यात एका मार्गिकेचं 75 किलोमीटर सलग डांबरीकरण 105 तास 33 मिनिटांत करून तो गिनीज बुकात गेला. त्याआधी कित्येक वर्षं तो नुसता खड्ड्यांत होता. माझी मावशी म्हणते, "त्या रस्त्यानं हालचाल मोजाचं काम नोतं पडत, मूर्तिजापूर येईलोग मायच हालून जाये." गुळगुळीत रस्त्यावर माझं लेकरू मात्र बडनेऱ्यापर्यंत गाढ झोपलं. बाबांनी वहीत 'प्रवास' लिहून रकाना मोकळा ठेवला.

मग ती मे महिन्यातली रात्र. अकोल्याचा मे, कूलर लावूनही गादी तापलेली. कूलर सुरू झाला की माझं लेकरू रोज उठायचं. त्या रात्री उठलं नाही. साखरपाणी झालं, डावी कूस झाली. गोड खाल्लं की बाळ हालतं यावर दोन्ही घरांचा विश्वास आहे, विज्ञानाचा तेवढा नाही. दोन तास गेले. अमरावतीहून आई फोनवर म्हणाली, "सकाळची वाट नोको पाहू, आत्ताच जाय." माझ्या आईचं एकही म्हणणं न पटणाऱ्या सासूबाईंनी तोवर चपला घातल्या होत्या.

दवाखान्यात पोटाला दोन पट्टे बांधले, हातात बटण दिलं: हाललं की दाबायचं. यंत्रातून ठोके आले, या वेळी खरे. कागद सरकत होता, मी बटण धरून पडून. सिस्टरनं पोट हलकेच हलवून पाहिलं. "झोपलं हाय मस्त," ती म्हणाली, आणि थोड्या वेळानं आतून अशी लाथ आली की बटण माझ्या हातातून सुटलं. रेषा वर चढली, उतरली, पुन्हा चढली. डॉक्टरांनी कागद पाहिला, छान आहे म्हणाले, आलात ते बरं केलंत, पुन्हा असं वाटलं तर पुन्हा या. बाबांनी कागदाच्या झेरॉक्सची चौकशी केली.

बाहेर आलो तेव्हा सगळ्यांनाच भूक लागली होती. स्टँडजवळ एका गाडीवर पोहे चालू होते. पहिला घास पोटात गेला आणि लेकरानं धडाधड सुरू केलं, शर्टावरून दिसावं इतकं. सासूबाईंनी पोटावर हात ठेवून त्याला दोन सणसणीत वऱ्हाडी शिव्या दिल्या. बाबांनी खिशातून वही काढली, घड्याळ पाहिलं, पेनाचं टोपण उघडलं आणि थांबले.

"बाई," ते म्हणाले, "बारा वाजून गेले. हे कालच्या खात्यात टाकू का आजच्या?"