लाइट चालू, कॅसेट बंद

देगलुरात गाणं कुठंही असो, सप्ताहातलं भजन, उरुसातली कव्वाली किंवा होट्टलच्या चालुक्यकालीन मंदिराजवळचा महोत्सव, गवयाच्या आधी मामा हजर. लोकांच्या तोंडी ते 'शूटिंगवाले मामा'. स्वतःच्या कार्डावर 'सिनेमॅटोग्राफर'. गाव तेलंगण-कर्नाटकाच्या सीमेवरचं, म्हणून 'जरा डावीकडं सरका' हे ते मराठी, तेलुगू, कन्नड आणि उर्दूत म्हणतात. चारही भाषांत कुणी सरकत नाही.

सुरुवात लग्नांपासून. व्हीएचएसचा जमाना, हॅलोजन धरायला भाचा. कॅसेट तीन तासांची आणि सत्कार संपता संपत नाहीत. तेव्हा मामांनी शोध लावला: लाइट चालू, कॅसेट बंद. तोंडावर उजेड पडला की बोलणारा खूश, आणि वाचलेली कॅसेट गाण्याला. आता मेमरी कार्डात आख्खा सप्ताह मावतो, तरी माइकवर 'दोन शब्द' ऐकू आले की मामांचं बोट आपोआप बटणावर जातं.

गाण्यात मात्र माणूस चुकत नाही. तिहाई सुरू झाली की कॅमेरा गवयावरून निघतो आणि समेला नेमका तबल्यावर पोचतो. समेवर मामांची मान हलते, तिच्याबरोबर फ्रेमही हलते, एवढाच दोष. हे कुठल्या संस्थेत शिकलेलं नाही. लहानपणापासून भजनात टाळ धरलेला आहे. साउंडवाल्याशी मात्र कायमचं वैर. तो मिक्सरमधून लाइन देत नाही, मामा त्याला फ्रेममध्ये घेत नाहीत.

एकदा त्यांना सिनेदिग्दर्शक स्कोर्सेसीची गोष्ट सांगितली. 1976 साली सॅन फ्रान्सिस्कोत 'द बँड' या रॉक ग्रुपचा निरोपाचा कार्यक्रम, सात कॅमेरे, कुठल्या ओळीला कुणावर जायचं ते आधीच लिहून ठेवलेलं. मडी वॉटर्स गायला उभा राहिला आणि नेमके बाकीचे कॅमेरे रीळ बदलण्यात गुंतलेले. लास्लो कोवाच या कॅमेरामननं सूचनांना कंटाळून हेडफोन काढून ठेवलेला. 'बंद करा' त्याला ऐकूच गेलं नाही, म्हणून गाणं वाचलं. मामा गंभीरपणे म्हणाले, "आपण तर घालतच न्हाई."

सध्या एका म्हाताऱ्या किंगरीवाल्यावर डाक्युमेंट्री चालू आहे. म्हातारा रंगात आला की मामा ओरडतात, "थांबा हो बाबा, बॅटरी बदलूलालो!" बाबा थांबत नाहीत. पुढचं गाणं फक्त आवाजावर मिळतं, आणि मामांच्या मते तोच सगळ्यात भारी भाग आहे.

परवा एका कार्यक्रमाचे देणगीदार पेन ड्राइव्ह घेऊन आले. "मामा, माझं भाषण कुठाय?" मामांनी शांतपणे व्हिडिओ पुढं सरकवला. पडद्यावर दणदणीत टाळ्या, तिहाईनंतरच्या.

"हे बघा साहेब. एवढ्या टाळ्या पडल्यावर भाषण कोण बघूलालंय?"

साहेबांनी उरलेले पैसे दिले आणि टाळ्यांची आणखी एक कॉपी मागितली.