मा. लायसन्स सर्व्हर साहेबांना अनावृत पत्र

प्रति,
मा. लायसन्स सर्व्हर साहेब,
मुक्काम : कोपऱ्यातलं जुनं मशीन, इन्व्हर्टरच्या बाजूला,
नकाशे काढण्याचं दुकान, खात रोड, भंडारा.

विषय : आपल्याविरुद्ध तक्रार, तसेच आपली बदली रद्द करण्याची विनंती.
संदर्भ : आपले संदेश क्र. उणे ४, उणे ९, उणे १५ आणि उणे ८८.

महोदय,

एकाच अर्जात तक्रार आणि बदली रद्द करण्याची विनंती, दोन्ही कशा, असं आपल्याला वाटेल. आमच्या जिल्ह्यात हे नवं नाही. साहेब खुर्चीवर असेपर्यंत लोक त्याच्या नावानं बोटं मोडतात, आणि बदलीचा आदेश निघाला की पुढचा कसा निघेल या धास्तीनं त्याच्याचसाठी निवेदन घेऊन जातात. मीही त्याच रिवाजानं लिहितो. आधी तक्रार, मग विनंती.

पत्र खुलं आहे, चार लोक वाचतील, म्हणून आपली ओळख करून देणं भाग आहे. आमच्या दुकानात घरांचे, गोदामांचे, राईस मिलच्या शेडचे नकाशे निघतात. नकाशे काढणारे तिघं, पण प्रोग्रामचे विकत घेतलेले परवाने दोन. प्रोग्राम सगळ्या मशीनवर आहे. तो उघडायला गेलं की आधी लॅनच्या वायरीतून आपल्याकडे येतो आणि विचारतो, जागा आहे का? आपण वही बघता. शिल्लक असेल तर देता, नसेल तर उणे ४. आपल्याला ना खिडकी, ना चिन्ह, ना आवाज. विंडोजच्या सर्व्हिसेसच्या लांबलचक यादीत आपल्या नावापुढे ‘रनिंग’ लिहिलेलं असतं, बस्स. आम्ही पासवर्ड टाकून आत येण्याआधीच आपण कामावर हजर. मशीन मी घेतलं, विजेचं बिल मी भरतो, धूळ मी पुसतो. चाकरी मात्र आपण दूरच्या एका कंपनीची करता. तिचं नाव लिहीत नाही, कारण तिचे वकील आपल्याहून तत्पर असतील.

आपल्या खानदानाची मी माहिती काढली आहे. त्यातली सर्वांत नावाजलेली शाखा फ्लेक्सएलएमची, जन्म १९८८ चा. तीन वर्षांनी, २४ जुलै १९९१ ला, दिल्लीत नवं औद्योगिक धोरण आलं आणि बहुतेक उद्योगांचं लायसन्स रद्द झालं. त्याआधीच्या पिढीनं घरच्या रेडिओचं लायसन पोस्टात भरलं होतं, सायकलला नगरपालिकेचा बिल्ला लावला होता. परवाना राज गेलं म्हणून देशानं हुश्श केलं, आणि तेव्हा आपण तिकडे दुडूदुडू चालायला लागला होतात. आपल्या चुलत घराण्यातल्या सेंटिनल हॅस्पची तर कमाल आहे. तो ज्या पोर्टवर बसतो त्याचा क्रमांक १९४७. दारावर स्वातंत्र्याचं साल, आत परवानगीची खिडकी! दुसरे एक भाऊबंद मायक्रोसॉफ्टचे केएमएस. ते विंडोजला मान्यता देतात, पण २५ मशीनं दारात येईपर्यंत एकालाही नाही. गणपूर्ती झाली की १८० दिवसांची मान्यता, आणि दर ७ दिवसांनी मशीननं येऊन हजेरी लावायची. तालुक्याच्या कचेरीत २५ मशीनं आणायची कुठून, हा प्रश्न त्यांच्या अखत्यारीत येत नाही.

आता कामकाजाबद्दल. फ्लेक्सएलएमच्या पद्धतीत मोठे साहेब म्हणजे एलएमजीआरडी. त्यांची बसायची जागा २७००० ते २७००९ यांपैकी एखादं पोर्ट. पण मोठे साहेब स्वतः काहीच देत नाहीत. अर्जदार आला की ते सांगतात, त्या टेबलावर जा. त्या टेबलावर कंपनीचा कारकून, म्हणजे व्हेंडर डीमन. परवाना तोच देतो, परत घेतो, नोंद ठेवतो. आणि या कारकुनाचं टेबल लायसन्सच्या फाइलीत बांधून दिलेलं नसेल, तर प्रत्येक वेळी मशीन सुरू झाल्यावर तो वेगळ्याच पोर्टवर जाऊन बसू शकतो. फायरवॉलचा शिपाई कालच्या दरवाज्यातून लोकांना आत सोडत असतो आणि कारकून आज मागच्या खोलीत. मग आमचा पोरगा ओरडतो, “सर, लायसन नाही भेटून राहिलं!” उणे १५.

परवाना हातात घेऊन कुणी चहाला गेला, तर खुर्ची रिकामी आणि परवाना अडकलेला. यावर इलाज आहे. ऑप्शन्स फाइलीत टाइमआउट लिहिला, तर निष्क्रिय माणसाचा परवाना आपण काढून घेता. पण त्याची किमान मर्यादा १५ मिनिटांची, आणि तीही प्रोग्रामला मान्य असेल तर. आमच्या टपरीवरचा चहा १५ मिनिटांत होत नाही हे मान्य, पण तेवढ्यात गिऱ्हाईक दारात उभं असतं आणि रोवणी लागण्याआधी पाया भरायचा म्हणून नकाशा आजच मागत असतं.

माझी पहिली मोठी तक्रार ओळखीची. आपण माणसाला ओळखत नाही, दुकानाला ओळखत नाही, पैसे भरल्याच्या पावतीला तर मुळीच नाही. आपण ओळखता लॅन कार्डावरचा १२ अक्षरी क्रमांक. आणि आमच्याकडे मृग लागायच्या सुमारास, शेतात पऱ्हे टाकण्याची घाई असते तेव्हा, आभाळ असं कडाडतं की कुणाचा टीव्ही जातो, कुणाची मोटर जाते, कुणाचं लॅन कार्ड. कार्ड गेलं, नवं बसवलं, आणि आपण उणे ९ काढलंत : हे मशीन ते मशीन नव्हे. कंपनीला कळवलं तर तिनं जुनं मशीन नष्ट केल्याचं प्रमाणपत्र मागितलं. मशीन जिवंत, मेलं ते कार्ड. मयताच्या दाखल्यावर नाव कुणाचं घालायचं? आणि ओळखीचा एवढा आग्रह ज्या घराण्याचा, त्याचा स्वतःचा दाखला बघा. फ्लेक्सएलएम ग्लोबट्रॉटरच्या घरात वाढलं, २००० मध्ये मॅक्रोव्हिजनकडे गेलं, २००८ मध्ये पाटी बदलून अॅक्रेसो लागली, २००९ मध्ये फ्लेक्सेरा. मालक बदलला, आडनाव बदललं, पण एकदाही त्याला कुणी ‘तू तो नव्हेस’ म्हटलं नाही.

दुसरी तक्रार घड्याळाची. मदरबोर्डवर सीआर २०३२ नावाची नाण्याएवढी बॅटरी असते. लाईन गेली आणि बॅटरी मेलेली असली, की मशीन जागं होतं ते बोर्ड बनला त्या साली. आपण इकडेतिकडे पाहता, तर डिस्कवर पुढच्या तारखांच्या फायली. आपला निष्कर्ष ठरलेला : मुदत वाढवण्यासाठी घड्याळ मागं फिरवलं. उणे ८८. परवान्याच्या मुदतीसाठी तारखा फिरवणारे महाभाग जगात आहेत, मी नाकारत नाही. पण बॅटरी संपली असेल हा साधा संशय आपल्याला आधी का येत नाही? चोरीचाच का येतो?

तिसरी तक्रार सर्वांत गंभीर, अतिक्रमणाची. जुन्या पद्धतीच्या हार्डडिस्कवर पहिला सेक्टर बूटचा असतो, आणि पहिलं पार्टिशन ६३ क्रमांकाच्या सेक्टरपासून सुरू होतं. मधले ६२ सेक्टर, जेमतेम ३१ केबी, कुणाच्याच नावावर नाहीत. धानाच्या दोन बांध्यांमधल्या धुऱ्यासारखे. विंडोजवरच्या फ्लेक्सनेटनं, म्हणजे आपल्या त्याच नावाजलेल्या शाखेनं, आपली गुपचूप नोंद याच धुऱ्यावर लिहायला घेतली, म्हणजे पार्टिशन फॉरमॅट केलं तरी ती टिकेल. पण तिथं मशीन सुरू करून देणारा लिनक्सचा ग्रब वस्तीला होता. विंडोजमध्ये प्रोग्राम उघडला की ग्रबचा तुकडा पुसला जायचा, आणि पुढच्या वेळी मशीन सुरूच होत नसे. विंडोज आणि लिनक्स एकाच मशीनवर ठेवणाऱ्यांना आपण काय गुन्हा केला हेही कळत नसे. शेवटी ग्रबवाल्यांनी दोन उपाय केले. फ्लेक्सनेटची खूण दिसली की तो सेक्टर सोडून बसायचं, आणि ग्रबच्या मजकुराला रीड-सोलोमन पद्धतीची जोड द्यायची, म्हणजे कुणी तुकडा पुसला तरी उरलेल्यातून तो पुन्हा भरून काढता येईल. थोडक्यात, अतिक्रमण करणारा जागचा हलला नाही, शेजाऱ्यानंच भिंत मागं घेतली. आमच्याकडे वीतभर धुऱ्यासाठी दोन पिढ्या कोर्टात जातात. आपलं प्रकरण शेजाऱ्याच्या समजूतदारपणावर मिटलं.

मी विकत घेतलं ते नेमकं काय, याचा छडा लावायलाही गेलो. टाटा कन्सल्टन्सी विरुद्ध आंध्र प्रदेश या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं २००४ मध्ये सांगितलं की दुकानात मिळणारं तयार सॉफ्टवेअर हा माल आहे, म्हणून त्यावर विक्रीकर लागेल. मार्च २०२१ मध्ये त्याच न्यायालयानं इंजिनीअरिंग अॅनालिसिस खटल्यात सांगितलं की अशा सॉफ्टवेअरसाठी परदेशी कंपनीला दिलेले पैसे म्हणजे रॉयल्टी नव्हे, कारण ग्राहकाला कॉपीराइटमधला कोणताच हक्क मिळत नाही. दोन्ही निकाल करापुरते बरोबरच असतील. माझ्या वाट्याला मात्र एवढंच आलं : पैसे देताना तो माल, वापरताना ती मेहेरबानी.

चोरांबद्दल फार लिहीत नाही. क्रॅक मारून प्रोग्राम चालवणाऱ्यांनी आपल्याला आधीच वाटेतून दूर केलेलं असतं. आपली पोस्टिंग फक्त पैसे भरणाऱ्यांच्या घरी.

इथं तक्रार संपली. आता विनंती.

आपल्या बदलीची बातमी खरी आहे असं कळतं. ऑटोडेस्कसारख्या बड्या कंपनीनं ७ ऑगस्ट २०२० पासून नेटवर्कवरचे परवाने मागं घ्यायला सुरुवात केली, आणि एका नेटवर्क परवान्याच्या बदल्यात एकेका माणसाच्या नावावरचे दोन देऊ केले. बाकीच्याही त्याच वाटेनं निघाल्या आहेत. आमच्या कंपनीचंही तसलंच गोड पत्र आलं आहे. आपल्या जागी येणाऱ्या साहेबांचं नाव क्लाउड. ते भंडाऱ्यात राहणार नाहीत, भारतात राहतील की नाही तेही माहीत नाही. माणूस बदलला की ईमेल बदला, तिघं काम करणार असतील तर तिघांचे पैसे भरा, आणि ठरावीक मुदतीत इंटरनेटवरून हजेरी लावा.

साहेब, खरं सांगायचं तर तेव्हा आपली किंमत कळली. पूर्वी मराठी छपाईच्या दुकानांत श्रीलिपीचं डाँगल असायचं. मशीनच्या मागं खोचलेलं ते बोटभर कुलूप, पण रात्री काढून गल्ल्यात ठेवता यायचं. मग आपण आलात. गल्ल्यात नाही, पण निदान घरात. महामार्गाच्या कडेला जेसीबीनं फायबर तोडला आणि अख्खं भंडारा इंटरनेटविना बसलं, तरी आमची लॅनची वायर शाबूत असते आणि आपण परवाना देता. आपल्याशी भांडायचं तर आपली लॉग फाइल उघडता येते. कुणी कधी किती वेळ परवाना अडवला, सगळं तिथं लिहिलेलं. आपल्याला बंद करून पुन्हा सुरू करता येतं. आणि आपल्या लायसन्स फाइलीत मुदतीच्या रकान्यात ‘पर्मनंट’ असा शब्द आहे. सरकारी नोकरीत तो शब्द मिळवायला आमच्या पोरांचं आयुष्य जातं, आपण तो मला लिहून दिला होता. नव्या साहेबांच्या कागदावर त्या रकान्यात दरवर्षीची तारीख आहे. पैसे थांबले की माझेच नकाशे मला उघडता येणार नाहीत.

म्हणजे कुलूप गल्ल्यातून कोपऱ्यात गेलं, कोपऱ्यातून आभाळात चाललं आहे, आणि प्रत्येक वेळी आम्हाला सांगितलं जातं की ही सोय आहे. सबब खालील मागण्या सादर करतो.

१. लॅन कार्ड जळाल्यास पावती हाच पुरावा मानावा.
२. घड्याळ मागं गेल्यास आधी बॅटरीची चौकशी करावी, मालकाची नंतर.
३. कारकुनाला एकच टेबल द्यावं.
४. कोणाच्याही धुऱ्यावर नोंदी करू नयेत.
५. वरील सुधारणांच्या अटीवर आपली बदली रद्द करून आपल्याला याच कोपऱ्यात कायम करण्यात यावं. अन्यथा नोव्हेंबर २०२४ मध्ये १.० आवृत्तीला पोहोचलेल्या फ्रीकॅडचा अभ्यास आमचा पोरगा सुरू करेल. त्याला साहेब लागत नाही.

आपला,
परवानाधारक
(ओळख पटण्यास लॅन कार्डाचा क्रमांक सोबत जोडला आहे.)

प्रत माहितीस्तव :
१) जळालेलं लॅन कार्ड. दप्तरी दाखल.
२) बॅटरी सीआर २०३२. बदलून मिळेपर्यंत या पत्राची तारीख ग्राह्य धरू नये.
३) मा. क्लाउड साहेब. इंटरनेट सुरू झाल्यावर पाठवण्यात येईल.