एका मतदारसंघाचे सुबक विसर्जन

2008 साली मतदारसंघांची पुनर्रचना झाली, तिचे नागपूर जिल्ह्यातल्या खापरखेड्याच्या बाजूने रीतसर अभिनंदन कधी झालेच नाही. वीज केंद्राच्या धुराड्यांखाली राहणारी माणसे जरा घाईत असतात. ती उणीव भरून काढण्यासाठी हा प्रपंच.

तोवर जिल्ह्यात कळमेश्वर नावाचा विधानसभा मतदारसंघ होता. न्यायमूर्ती कुलदीप सिंग यांच्या आयोगाने 2001 ची जनगणना समोर ठेवून रेषा आखल्या आणि ते नाव यादीतून गेले. कळमेश्वर शहर खापरखेड्याच्या सोबतीला सावनेर मतदारसंघात आले. हिंगणा हा मतदारसंघ नवा झाला. कळमेश्वरचे आमदार रमेश बंग 2009 मध्ये तिकडून उभे राहिले आणि पडले. आमदाराला पाच वर्षांनी जाब विचारायचा असतो, असा आपल्याकडे जुनाट समज आहे. मतदारसंघच नाहीसा केला की द्यायचा कोणी आणि मागायचा कोणी, हा प्रश्न दोन्ही बाजूंचा एकदमच सुटतो.

जिल्ह्याचे यात नुकसान झाले म्हणावे तर तेही नाही. आधी 11 जागा होत्या, आता 12 आहेत. वाढलेली जागा शहरात गेली, एवढेच. विदर्भाच्या मात्र 66 च्या 62 झाल्या आणि ठाणे जिल्ह्याच्या 13 च्या 24. इकडची पोरं कामाला तिकडे जातात, मागोमाग आमदारकीही गेली. माया म्हणतात ती हीच. शिवाय 1953 च्या नागपूर कराराने विदर्भावर लोकसंख्येच्या प्रमाणात खर्च करायचे कबूल केले होते. ते गणित राज्याला जरा जड गेले. लोकसंख्येच्या प्रमाणात जागा कमी करायचे गणित मात्र पहिल्याच फटक्यात जमले. प्रगती अशीच हळूहळू होते.

खापरखेड्याला या न्यायाची सवय आहे. येथले वीज केंद्र 1340 मेगावॉटचे. खाणी शेजारी सिल्लेवाडा-वलनीला, पाणी पेंचचे. वीज तारेवरून राज्यभर जाते आणि राख वारेगावच्या बंधाऱ्यात राहते. वाटणीत कुठे पक्षपात नाही: जे नेण्यासारखे ते गेले, जे नेण्यासारखे नव्हते ते गावाला ठेवले. आयोगानेही काही वेगळे केले नाही. त्याने डोकी मोजली, आणि राखेला डोके नसते. धूर कितीही जुना झाला तरी मतदानाच्या वयाचा होत नाही.

एवढे करूनही आमदार असावाच, असा हट्ट धरणाऱ्यांनी सावनेरचा अलीकडचा अनुभव पाहावा. डिसेंबर 2023 मध्ये बँक घोटाळ्यातील शिक्षेमुळे सुनील केदार यांची आमदारकी गेली. पोटनिवडणूक झाली नाही. नवा आमदार मिळाला तो नोव्हेंबर 2024 मध्ये. म्हणजे जवळजवळ वर्षभर खापरखेड्याच्या वतीने विधानसभेत बोलणारा कोणी नव्हता. राख त्या वर्षीही उडाली, आदल्या वर्षी उडाली होती तशीच. प्रतिनिधित्वाच्या उपयुक्ततेबद्दल याहून निःपक्ष प्रयोग कोणत्याही आयोगाला करता आला नसता.

आता पुन्हा जनगणना येते आहे, आणि कधी ना कधी तिच्यावरून नव्या रेषाही येतील. तेव्हा खापरखेडेकरांना नम्र विनंती, की मोजणीदार येईल तेव्हा घरी राहा आणि पुण्याला गेलेल्या पोरालाही तेवढ्यापुरते बोलावून घ्या. तिकिटाचा खर्च अर्थातच ज्याचा त्याने करायचा आहे.