उंदराला मांजर साक्ष : नवशिक्यांसाठी मार्जार-तपासणीची प्रयोगवही

ही वही कोणासाठी?

तुमच्या घरात मांजर आलं आहे. तुम्ही आणलंत, किंवा ते आपलं आपण गॅलरीतून येऊन बसलं. दुसरी शक्यता अधिक. आठवडाभरात तुमच्या लक्षात येईल की मांजराच्या मागोमाग त्याची माहितीही घरात शिरली आहे. इस्त्रीवाले, दूधवाले, खालच्या मजल्यावरच्या काकू, दिवाळीला आलेला आतेभाऊ, ज्याला विचाराल त्याला आणि ज्याला नाही विचारणार त्यालाही, मांजराबद्दल एक तरी गोष्ट पक्की ठाऊक असते. पुरावा मागितलात तर ते दुसऱ्या एखाद्या मांजराचा दाखला देतात. उंदराला मांजर साक्ष म्हणतात ते हेच.

यातलं खरं किती, हे घरच्या घरी तपासता येतं. शाळेत विज्ञानाची प्रयोगवही लिहिली असेल तर तेवढी अक्कल पुरते.

साहित्य

दोनशेपानी वही १, पेनं २ (एक फ्रीजखाली जाणार आहे), टॉर्च १, सपाट बशा २, साखर चमचाभर, मांजर १. मांजर ऐनवेळी हजर राहील याची खात्री नाही. ते नसेल तर तशी नोंद करा आणि पुढे चला. ही गैरहजेरीची नोंद फालतू वाटली तरी खोडू नका, तिचं काम पुढे आहे.

प्रयोग १ : हात बसण्यासाठी एक सोपा दावा

‘तिरंगी मांजर म्हणजे मादीच.’ हा दावा आमच्या इस्त्रीवाल्यांचा. आमची ठकी पांढरी, अंगावर काळी आणि नारिंगी ठिगळं. तपासलं. मादी.

कारण असं. केसांचा रंग नारिंगी करणारं जनुक एक्स गुणसूत्रावर असतं. मादीकडे एक्स दोन. पण प्रत्येक पेशीत त्यातलं एकच चालू राहतं, दुसरं बंद होतं. ही कल्पना मेरी लायन या ब्रिटिश शास्त्रज्ञ बाईंनी १९६१ साली मांडली. ज्या पेशींत नारिंगीवालं एक्स चालू, तिथे नारिंगी ठिगळ. जिथे दुसरं चालू, तिथे काळं. बोक्याकडे एक्स एकच, त्यामुळे तो नारिंगी तरी असतो नाहीतर काळा तरी. क्वचित एखादा बोका दोन एक्स आणि एक वाय घेऊन जन्मतो आणि तिरंगी निघतो. साधारण ३,००० तिरंगी मांजरांत एखादा, असा अंदाज सांगतात.

अनुमान : दावा जवळजवळ खरा. ‘जवळजवळ’ या शब्दाखाली रेघ मारा.

नवशिक्यांची चूक : एकदा बरोबर निघालेल्या माणसाचं पुढचं सगळं खरं मानणं.

प्रयोग २ : ‘झाडून सगळी’ या शब्दांचा वास घेणे

इस्त्रीवाल्यांचा दुसरा दावा, निळ्या डोळ्यांची मांजरं झाडून सगळी बहिरी. त्यांना हसू नका. खुद्द चार्ल्स डार्विन १८५९ साली ‘ओरिजिन ऑफ स्पीशीज’च्या पहिल्या आवृत्तीत हेच लिहून गेले होते. नंतरच्या एका आवृत्तीत त्यांनी वाक्य आवळलं : मांजर पूर्ण पांढरं हवं, डोळे निळे हवेत, आणि तरी ‘बहुधा’च. सयामी मांजरांचे डोळे निळेच असतात आणि कान चांगले तिखट असतात. पहिल्या वाक्यात ती मोजायची राहून गेली होती.

कृती : मांजराच्या पाठीमागे उभं राहून कागदी पिशवी चुरगाळा. कान वळला तर ऐकू येतं. नाव घेऊन हाक मारणं ही चाचणी धरू नये. २०१३ साली जपानमधल्या संशोधकांनी मांजरांना अनोळखी माणसांच्या आणि मालकाच्या हाका ऐकवल्या. मालकाचा आवाज त्यांनी बरोबर ओळखला, कान-मान हलवली, आणि जागची उठली मात्र नाहीत. तेव्हा हाकेला ओ न देणारं मांजर बहिरं नसतं, ते मांजर असतं.

प्रयोग ३ : डोळे मिटून दूध

मांजर डोळे मिटून दूध पितं आणि आपल्याला कोणी पाहत नाही असं समजतं, ही म्हण भ्रष्टाचारावरच्या प्रत्येक भाषणात येते. मूळ आरोपीची साक्ष मात्र कोणी काढत नाही.

निरीक्षण : ठकीचे डोळे मिटलेले नसतात, अर्धवट झाकलेले असतात. नाकासमोरचं, वीतभर अंतरावरचं, मांजराला धूसरच दिसतं. तिथे ते मिशांनी आणि नाकाने काम भागवतं, त्यामुळे डोळे उघडे ठेवून फार मिळवायचं नसतं. पण त्याच वेळी कान पाहा. एक स्वयंपाकघराच्या दाराकडे, दुसरा आईच्या चपलांकडे. चप्पल वाजायच्या आत ठकी ओट्याखाली. पहारा चोख असतो, फक्त तो कानांकडे असतो. म्हण पुढाऱ्यांना लागू असेल, मांजराला नाही.

पोटदावा, ‘दूध हा मांजराचा आहार.’ पिलू आईचं दूध पितं तोवर ठीक. मोठं झालं की बहुतेक मांजरांत दुधातली साखर पचवणारं विकर कमी होतं. परिणाम तुम्हाला दुसऱ्या दिवशी पायपुसण्यावर सापडेल. मोठ्या मांजराला पाणी द्या.

दुसरा पोटदावा, ‘आमच्या देवळातलं मांजर पेढे खातं, त्याला गोड फार.’ एका बशीत साधं पाणी, दुसरीत साखरेचं. ठकीने दोन्हींत पंजा बुडवला, झटकला आणि न्हाणीघरातल्या बादलीतलं पाणी प्यायली. गोड ओळखायला जिभेवर जो ग्राहक लागतो, त्याचं एक जनुक मांजरात निकामी आहे. हे २००५ साली फिलाडेल्फियाच्या मोनेल केंद्रातल्या संशोधकांनी दाखवलं. देवळातलं मांजर पेढ्यात खवा शोधत असणार. साखर फक्त आपल्याला दिसते.

प्रयोग ४ : काळोखात दिसतं

वीज जायची वाट पाहा. टॉर्च मारलात की डोळे हिरवट चमकतील. डोळ्यातल्या दृष्टिपटलामागे आरशासारखा थर असतो, तो निसटलेला उजेड परत फिरवतो. माणसाला लागतो त्याच्या साधारण सहाव्या हिश्श्याच्या उजेडात मांजराचं भागतं. मिट्ट काळोखात मात्र त्यालाही दिसत नाही. परत फिरवायला उजेड असावा लागतो.

आमच्या प्रयोगात टॉर्च शोधताना मी ठकीच्या शेपटीवर पाय दिला. मांजराला काय दिसतं ते अनिर्णित राहिलं. मला दिसत नाही, हे सिद्ध झालं.

प्रयोग ५ : हा प्रयोग करायचा नाही

‘मांजर कुठूनही टाका, चार पायांवरच पडतं.’ टाकू नका. हे काम आधीच झालेलं आहे. १८९४ साली पॅरिसमध्ये एत्येन-ज्यूल मारे यांनी पडत्या मांजराची एकामागून एक छायाचित्रं घेतली. हवेत ढकलायला काही नसताना हे वळतं कसं, असा विद्वानांना प्रश्न पडला होता. चित्रांत दिसलं की मांजर कमरेत मोडतं, आणि पुढचं नि मागचं धड वेगवेगळं फिरवतं. वळायला जरा उंची मात्र लागते. आणि पायांवर पडणं म्हणजे न लागणं नव्हे.

आता या वहीचा गाभा. न्यूयॉर्कमध्ये उंच इमारतींवरून पडून दवाखान्यात आलेल्या १३२ मांजरांचा अभ्यास १९८७ साली छापून आला. त्यातली ९० टक्के वाचली. गंमत म्हणजे, सात मजल्यांहून वरून पडलेल्यांना जखमा कमी! पडताना एका वेगानंतर मांजर अंग सैल सोडत असेल, असं त्यावर स्पष्टीकरण निघालं. असेलही. पण आतेभावाने हा दाखला देऊन ‘म्हणजे अकरावा मजला चौथ्यापेक्षा बरा’ म्हटलं, तेव्हा त्याला एकच विचारायचं होतं : जे मांजर खाली पडून जागीच गेलं, त्याला दवाखान्यात कोण नेतं?

न आलेली मांजरं मोजा. नवशिक्याने यापलीकडे काही लक्षात ठेवलं नाही तरी चालेल. आणि गॅलरीला जाळी लावा.

प्रयोग ६ : मांजर आलं, उंदीर गेले

आता हाच नियम उंदरांना लावा. ‘ठकी आल्यापासून उंदीर दिसत नाही,’ असं आई म्हणते. वाक्य खरं आहे, ‘दिसत’पर्यंत. ब्रुकलिनमधल्या कचरा-पुनर्वापराच्या एका आवारात संशोधकांनी ७९ दिवस कॅमेरे लावले. तिथे मोकाट मांजरंही होती आणि उंदरांची वसाहतही. २०१८ साली प्रसिद्ध झालेला निकाल : तेवढ्या दिवसांत मांजरांनी मारलेले उंदीर दोन. बाकीचे उंदीर मांजराचा वावर पाहून आडोशाने वागायला लागले. मोठ्या घुशीसारख्या उंदराशी दोन हात करण्यापेक्षा मांजराला पाखरू, पाल परवडते.

अनुमान : न दिसलेले उंदीरही मोजा. आमचे माळ्यावर होते.

प्रयोग ७ : इथे विनोद नाही

‘घरात बाळंतपण येणार, मांजर बाहेर काढा.’ खालच्या काकू हे कळकळीने सांगतात आणि त्यात तथ्याचा अंश आहे. टोक्सोप्लाझ्मा नावाचा परजीवी मांजराच्या विष्ठेतून पसरू शकतो आणि गर्भाला धोका पोचवू शकतो. पण मांजर तो बहुधा आयुष्यात एकदाच, पहिल्या लागणीनंतर एक ते तीन आठवडे बाहेर टाकतं; आणि बाहेर पडल्यावर त्याला संसर्गक्षम व्हायला किमान एक दिवस लागतो. म्हणून मांजराची माती रोजच्या रोज साफ करावी, आणि ती गरोदर बाईने करू नये. लागण अर्धकच्च्या मटणातून, न धुतलेल्या भाजीतून, बागेच्या मातीतूनही होते. डॉक्टरांशी बोलावं. मांजराला पोत्यात घालून नदीपलीकडे सोडून यायची गरज नाही.

प्रयोग ८ : आडवं जाणे

शेवटचा आणि सगळ्यांत जुना दावा. ‘मांजर आडवं गेलं की काम होत नाही.’ याला वहीचं एक पूर्ण पान द्या. चार घरं आखा. आडवं गेलं, काम झालं. आडवं गेलं, काम बिघडलं. नाही गेलं, झालं. नाही गेलं, बिघडलं. जग यातलं दुसरंच घर लक्षात ठेवतं. उरलेली तीन म्हणजे दवाखान्यात न आलेली मांजरं.

मी महिनाभर इमाने नोंदी केल्या. दार उघडून बाहेर पडताना ठकी आडवी गेली की खूण. एका कचेरीत एका दाखल्यासाठी माझ्या खेपा चालू होत्या, त्यामुळे बिघडलेल्या कामांचा तुटवडा नव्हता. महिनाअखेर चौथं घर भरून वाहत होतं : मांजराचा पत्ता नाही आणि काम तरीही नाही. वही घेऊन विजयी मुद्रेने आईपुढे गेलो. मांजर आडवं गेलं की ती अजूनही दोन पावलं मागे येऊन, पाणी पिऊन निघते.

तिने चष्मा लावला, चारही घरं बोटाने वाचली.

“ती तुला आडवी गेली ते सगळं लिहिलंस,” ती म्हणाली. “तू तिला किती वेळा आडवा गेलास?”

मी पान उलटून पाहिलं. पाठीमागे काही नव्हतं. ठकी तेव्हा माळ्याच्या शिडीखाली दबा धरून बसली होती, एकटक वर पाहत. मी वही ठेवायला तिच्यासमोरून गेलो आणि वर काहीतरी खुडबुडून पळालं. तिने माझ्याकडे पाहिलं, दोन पावलं मागे सरकली आणि बादलीकडे पाणी प्यायला गेली.

पाचवं घर त्याच दिवशी आखलं. पहिली खूण तीच.