फळ्यावरची पहिली ओळ

वर्षाचे दिवस ३६५ आणि थोर माणसं मोजता येणार नाहीत इतकी, ही मूळ अडचण. त्यात प्रत्येक थोर माणूस एकदा जन्मतो आणि एकदा जातो, म्हणजे एकेकाला दोन-दोन जागा लागतात. अमरावतीतल्या आमच्या वाचनालयाच्या दारात ‘दिनविशेष’चा जो फळा आहे, त्यावर मावतात चार ओळी. निवृत्त मास्तर, अक्षर बरं आणि घरी कोणाला फारसा उपयोग नाही, एवढ्या पात्रतेवर तो फळा माझ्याकडे आला.

काम सोपं वाटतं. तारीख लिहायची आणि त्या दिवशी काय घडलं ते खाली लिहायचं. पण इतिहासानं घटना वाटताना काही धोरणच ठेवलेलं नाही. १ जुलै घ्या. हरितक्रांतीचे वसंतराव नाईक जन्मले १ जुलैला, म्हणून तो कृषी दिन. डॉ. बिधानचंद्र रॉय जन्मले १ जुलैला आणि वारलेही १ जुलैला, म्हणून तो डॉक्टर दिन. आमच्या अमरावतीचे, टिळकांचे सोबती दादासाहेब खापर्डे गेले तेही १ जुलैलाच, १९३८ साली. तीन माणसांत चार ओळी संपल्या. त्यावर आमच्या निम्म्या ज्येष्ठ सभासदांचा वाढदिवस १ जुलै! शाळेत नाव घालताना आईनं सांगितलं, “पोळ्याच्या आसपास झाला जी”, आणि गुरुजींनी शाळेच्या सोयीनं १ जुलै ठोकली. ही सगळी मंडळी त्या दिवशी फळ्यासमोर उभी राहून आपलं नाव शोधतात.

दुसरी अडचण सासरवाडीची. माझी सासरवाडी अकोल्याची. मेहुणा रोज सकाळी फळ्याचा फोटो मोबाइलवर मागवतो आणि अकोल्यावर अन्याय झाला का ते तपासतो. “काऊन भाऊजी, आमचं अकोलं नकाशात नाही का?” हा त्याचा नमस्कार.

१४ मार्चला मी कार्ल मार्क्सची पुण्यतिथी आणि आइन्स्टाइनची जयंती लिहायला घेतली, तेव्हा मात्र आमचे शिपाईभाऊच मधे आले. “सर, थ्या मार्क्सनं राजकमल चौकात कधी चाय तरी पेली का? पयले भटसाहेबांचं लेहा.” सुरेश भट जन्मले अमरावतीत, १९३२ साली, आणि गेले १४ मार्च २००३ रोजी. भांडवलशाहीचं कोडं सोडवणारा एक, विश्वाचं कोडं सोडवणारा दुसरा, आणि दोघांच्या डोक्यावर आमचा गझलकार. जर्मनीतून अजून कोणाची तक्रार आलेली नाही.

८ ऑगस्ट हा त्याहून नाजूक दिवस. १९४२ साली मुंबईत ‘छोडो भारत’चा ठराव झाला, तो याच दिवशी. १९४७ साली विदर्भातले आणि पश्चिम महाराष्ट्रातले पुढारी एकत्र बसले आणि अकोला करार झाला, तोही याच दिवशी. पहिली ओळ कोणाला? मेहुणा म्हणाला, “गांधीजीले बाकीचा देश आहे. कराराले आमच्याशिवाय कोण आहे?” इकडे वेगळ्या विदर्भाचे एक कार्यकर्ते म्हणाले, करार लिहा, पण तो पाळला का तेही लिहा. संयुक्त महाराष्ट्राचे एक आजोबा म्हणाले, लिहू नका, जुनी जखम आहे. मी दोन्ही ओळी लिहिल्या आणि उरलेल्या जागेत दादा कोंडक्यांची जयंती टाकली. त्यांचाही जन्म ८ ऑगस्टचा. दिवसभर लोक थांबून, हसून, मान डोलवून गेले ते त्याच ओळीसमोर.

अमरावती आणि अकोला यांची चढाओढ पराभवातही सुटत नाही. २९ नोव्हेंबर १८०३ रोजी अकोला जिल्ह्यातल्या अडगावजवळ आर्थर वेलस्लीनं भोसल्यांच्या फौजेला हरवलं. पुढं १५ डिसेंबरला त्यानं आमच्या मेळघाटातला गाविलगड घेतला. हाच वेलस्ली नंतर ड्यूक ऑफ वेलिंग्टन झाला आणि वॉटर्लूला नेपोलियनला भारी पडला. म्हणजे नेपोलियनच्या आधी आपण हरलो, हा मान मोठाच. पण तो कोणाचा? मेहुण्याचा निकाल तयार होता : “आमी मैदानात हरलो. तुमी किल्ल्यात बसून हरले.” यावर उत्तर नव्हतं. शिवाय १५ डिसेंबरला सरदार पटेलांची पुण्यतिथी असते, त्यामुळे गाविलगड दुसऱ्या ओळीवर जातो. अडगावला पहिली ओळ मिळाली आणि अकोल्यानं तेवढा विजय साजरा करून घेतला.

समेटाचा दिवस एकच, २७ डिसेंबर. तसा तो गर्दीचा. मिर्झा गालिब यांचा जन्म १७९७ साली याच दिवशी झाला आणि ‘जन गण मन’ पहिल्यांदा १९११ साली कलकत्त्याच्या काँग्रेसमध्ये गायलं गेलं तेही याच दिवशी. पण पहिल्या ओळीबद्दल चकार शब्द निघत नाही. ती पंजाबराव देशमुखांची. भाऊसाहेब जन्मले अमरावती जिल्ह्यातल्या पापळला, १८९८ साली. त्यांच्या नावाचं कृषी विद्यापीठ मात्र अकोल्यात. जन्म आमचा, विद्यापीठ त्यांचं. त्या दिवशी मेहुण्याचा फोन फक्त खुशाली विचारायला येतो.

संतांच्या बाबतीत पंचांग आपल्याला वाचवतं. २३ फेब्रुवारी ही गाडगेबाबांची जन्मतारीख, साल १८७६. शेगावला गजानन महाराज प्रकटले तीही २३ फेब्रुवारी, साल १८७८. पण प्रकट दिन पाळतात माघ वद्य सप्तमीला, म्हणून दोघांच्या भक्तांची फळ्यासमोर गाठ सहसा पडत नाही. तुकडोजी महाराजांची पुण्यतिथीही मोझरीला तिथीनंच होते. तारीख दरवर्षी सरकते, पण मौन श्रद्धांजलीची वेळ ४ वाजून ५८ मिनिटं ही हलत नाही. शिवजयंतीला सरकार १९ फेब्रुवारी मानतं, काहीजण फाल्गुन वद्य तृतीया मानतात. मी दोन्ही दिवशी लिहितो. महाराजांसाठी दोनदा खडू उचलायला कोणाचा हात दुखत नाही. आणि २० डिसेंबरला, गाडगेबाबांच्या पुण्यतिथीला, शिपाईभाऊ माझ्या हातातला खडू काढून घेतात आणि खराटा देतात. “बाबाईचं लेहू नका सर, करा.” त्या दिवशीचा दिनविशेष म्हणजे झाडलेलं अंगण.

एवढं सगळं सांभाळूनही संकट येतं ते वर्तमानातून. मी चहाला गेलो की चौथी ओळ पुसली जाते आणि तिथं एखाद्या भावी नगरसेवकाचा वाढदिवस उगवतो, ‘युवकांचे प्रेरणास्थान’ या पदवीसह. इतिहासात जागा मिळवण्याचा हा सर्वांत स्वस्त मार्ग. खर्च एक खडू.

तरी माझं मत पक्कं आहे. मार्क्स, आइन्स्टाइन, नेपोलियन यांच्या तारखा जगात कुठंही मिळतात. अडगाव, पापळ आणि अकोला करार आपण लिहिले नाहीत, तर दुसरं कोणी लिहायला येणार नाही. तेव्हा तुमच्या गावातही असा फळा असेल, तर पहिली ओळ गावाला द्या, दुसरी देशाला, तिसरी जगाला. चौथी हसण्यासाठी ठेवा. आणि चहाला जाताना खडू खिशात घालून न्या.